म्हात्रेबाईंचा बांध

‘इथे आधी काही नव्हतं’ हे वाक्य म्हात्रेबाईंसमोर बोलायची सोय नव्हती. शाळेत नाही, लग्नाच्या मांडवात नाही, मयताच्या घरी बसलेलं असतानाही नाही. कुणी सहज बोलून गेलं की बाई हातातलं काम खाली ठेवत, चष्मा काढत आणि विचारत, “काही नव्हतं म्हणजे नेमकं काय काय नव्हतं?” समोरचा बिचारा गांगरून जायचा. त्याला ‘पूर्वी एवढी गर्दी नव्हती’ इतकंच म्हणायचं असायचं. पण बाई सोडत नसत. माणूस एकतर माफी मागायचा किंवा चहा अर्धा टाकून उठायचा.

परळ आणि शिवडीच्या मधल्या आमच्या मराठी शाळेत त्या इतिहास-भूगोल शिकवायच्या आणि मी मराठी. एका शिक्षकखोलीत, एकाच टेबलाच्या दोन बाजूंना आम्ही एकोणीस वर्षं बसलो. गेल्या आषाढात त्या वारल्या. शोकसभा शाळेच्याच हॉलमध्ये झाली. चार जण बोलले आणि चौघांनीही ‘वरून कडक, आतून प्रेमळ’ हे नारळाचं जुनं माप त्यांना लावलं. मला संताप आला. बाई आतूनही कडकच होत्या. त्या जन्मभर रागावलेल्या होत्या, त्या रागाला कारण होतं, आणि त्या हॉलमध्ये खुर्च्यांवर बसलेले निम्मे लोक त्या कारणात सामील होते. मी पहिल्या रांगेत होतो. मेलेल्या माणसाचा राग असा साखरेत घोळवून वाटून टाकलेला मला तरी बघवला नाही, म्हणून हे लिहायला बसलो.

बाई ठेंगण्या, सावळ्या. अंगावर कायम सुती पातळ, काखेत छत्री. चालायच्या भराभर, पण एका पायापुढे एक पाय टाकत, अरुंद वाटेवरून चालल्यासारख्या. रस्ता कितीही रुंद असला तरी चाल तीच. मुलं मागून नक्कल करायची. एकदा मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, “आमच्या घरात सगळ्यांची चाल अशीच. बांधावरून चालायची सवय. बांध गेले, सवय राहिली.”

त्यांचं घर आमच्या चाळींच्या मागे. तिथे जुन्या गावठाणाची पाच बैठी घरं उरली होती, पाचही आगऱ्यांची. तीन बाजूंनी चाळी उठल्या होत्या आणि वरच्या मजल्यांवर वाळत घातलेल्या कपड्यांचं पाणी बाईंच्या कौलांवर टपटपायचं. आज परळ-लालबाग म्हटलं की लोकांना गिरण्या आठवतात, गिरण्या म्हटलं की कोकणातून आलेले चाकरमानी आठवतात, आणि तिथेच आठवण संपते. त्याच्या आधी या सगळ्या पट्ट्यात भाताची खाचरं होती, खाडीकडे मिठागरं होती, मध्ये तळी होती, विहिरी होत्या, आंबे होते, ताड होते, आणि ते सगळं कुणाचं तरी होतं. हे मला बाईंच्या आधी कुणी सांगितलं नव्हतं. माझे आजोबा मालवणाकडून आले, वडील गिरणीत साच्यावर, म्हणजे कापडाच्या मागावर, उभे राहिले, मी चाळीत जन्मलो. आमची पक्की समजूत होती की मुंबई आम्हीच केली.

शाळेच्या स्नेहसंमेलनाला एका वर्षी कुणी नामवंत वक्ते आले होते. रंगात येऊन ते म्हणाले, “या भागात पूर्वी नुसता चिखल होता! त्या चिखलातून कामगारांच्या घामानं हे नगर उभं राहिलं!” टाळ्या पडल्या, मीही वाजवल्या. म्हात्रेबाई शिक्षकांच्या रांगेतून उठल्या. त्यांना माईक लागत नसे.

“चिखल नव्हता, चिखलणी होती,” त्या म्हणाल्या. “लावणीच्या आधी पाणी भरून, बैल घालून खाचर तुडवतात ती. चिखल आपोआप होतो. चिखलणी माणसं करतात. हं, चालू द्या तुमचं.”

वक्त्यांचं काही चालू होईना. मुख्याध्यापकांनी घाईघाईने बक्षीस समारंभ उरकायला घेतला. दुसऱ्या दिवशी बाईंना लेखी समज मिळाली. त्यांनी तो कागद शिक्षकखोलीतल्या फळ्यावर टाचला आणि खाली खडूने गेलेल्या खाचरांची नावं लिहिली. सातखाचरी, चिकणी, आंब्याखालचं, खारटण, म्हातारीचा तुकडा. दोन सत्रं ती नावं फळ्यावर होती. सूचना लिहायच्या असल्या की आम्ही कडेच्या रिकाम्या जागेत बारीक अक्षरात लिहायचो.

नववीचा वर्ग आला की बाई एक दिवस मुलांना घेऊन बाहेर पडायच्या. परवानगी वगैरे घेत नसत. त्यांची शिकवायची रीत अशी की मुलांना वाकड्यातिकड्या जागा शोधायला लावायच्या. “रस्ता उगाच वाकत नाही. जिथे वाकला तिथे थांबा आणि विचारा, हा कुणाला चुकवून गेला?” पिठाच्या गिरणीपाशी आमची गल्ली काही कारण नसताना डावीकडे वळते. तो एका खाचराचा कोपरा. लाँड्रीच्या मागे दोन पायऱ्या चढायच्या आणि लगेच दोन उतरायच्या. तो बांध, वर फरशी बसवलेली. त्या पायऱ्यांवर आमची अख्खी पिढी गप्पा छाटत बसली होती. कुणाला एवढाही प्रश्न पडला नाही की सपाट गल्लीत या पायऱ्या कुठल्या.

शेवटी बसस्टॉपवर उभं करून त्या पणजोबांची गोष्ट सांगायच्या. साहेबाची माणसं आली आणि खाचरांत खुंट्या ठोकून गेली. इथून रस्ता, इथून गिरणी. पणजोबांनी खुंट्या उपटल्या नाहीत. खुंट्यांच्या मधूनच लावणी केली. गाव म्हणालं, वेडा झालास काय, शेत गेलं तुझं. ते म्हणाले, जाईल तेव्हा जाईल, पाऊस तर आलाय. भात पोटरीला आलं, दाणा धरायच्या बेतात होतं, आणि गिरणीच्या भिंतीचा पाया खणायला गडी आले. उभं पीक मातीखाली गेलं. हे सांगताना बाईंचा आवाज चढत नसे, उलट खाली जायचा. मग मुलांना विचारायच्या, “पीक उभं आहे हे त्यांना दिसत नव्हतं का?”

“दिसत होतं, बाई.”

“मग?”

या ‘मग’चं उत्तर पुस्तकात नव्हतं. मुलं चपलांनी फूटपाथ टोकरत उभी राहायची आणि बस येऊन निघून जायची.

लोकांना त्यांचा त्रास व्हायचा हे खरंच आहे. पावसाळ्यात आमच्या चाळींच्या मधल्या मैदानात गुडघाभर पाणी साचायचं. पालिकेला अर्ज लिहायचं काम दरवर्षी माझ्याकडे. एका वर्षी बाईंची सही मागायला गेलो. त्यांनी अर्ज नीट वाचला, एक काना सुधारला आणि परत दिला. “तळ्यात चाळ बांधलीत. आता तळं परत आलं की ओरडता. तळ्यानं कुणाकडे अर्ज करायचा?” सही काही केली नाही.

आमचं एकदा कडाक्याचं भांडण झालं. कामगारांवर धडा शिकवत होतो, त्यावरून बाईंनी काहीतरी टोमणा मारला आणि माझं डोकं फिरलं. म्हटलं, “बाई, आमच्या बापांनी हाडं झिजवली या जागेत. छातीत कापूस भरून मेले. आणि तुम्ही आम्हाला उपरं ठरवता?”

बाईंचा राग फार वर गेला की शाळेतली भाषा गळून पडायची आणि घरची बोली वर यायची. “कोन बोलतं उपरं? तुजे बापसानं हाडं झिजवली ती मना म्हाईत हाय. पन ती माजे आज्यापणज्याचे शेतान झिजवली. दोनी बोल. येक बोलून गप नको ऱ्हाव.”

पहिल्यांदाच त्यांनी मला अरेतुरे केलं. दोन दिवस आम्ही बोललो नाही. तिसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत त्यांनी टेबलावरून डबा सरकवला. तांदळाची भाकरी आणि बोंबलाचं कालवण. माफी त्यांनी मागितली नाही, मीही नाही. कालवण इतकं जहाल होतं की शोकसभेतल्या त्या चौघांना एकेक चमचा द्यायला हवा होता.

आता पालखीचं सांगतो, कारण सगळं तिथेच येऊन अडतं.

चैत्रात आमच्या गावदेवीची पालखी निघते. पण ती रस्त्याने जात नसे. बाहेरच्या माणसाला हे सांगून पटायचं नाही. ती बांधांवरून जायची. शेतं गेली, बांध गेले, तरी देवीने वर्षातून एकदा आपल्या शेतांची शीव फिरून बघायची ही रीत गेली नाही. चार नंबरच्या चाळीच्या तळमजल्यावरच्या बोळातून पालखी शिरायची. लोक खाटा उभ्या करून, स्टो आत ओढून वाट द्यायचे. मग लाँड्रीमागच्या पायऱ्या, पिठाच्या गिरणीचा वळसा, आणि तिथून थेट कापडगिरणीच्या मागच्या दाराने आत. साचेखात्याच्या भिंतीला धरून चालत पुढच्या दाराने बाहेर. कोपऱ्याकोपऱ्यावर नारळ आणि मूठभर दहीभात. गावठाणातल्या पाच घरांचा एकेक खांदा ठरलेला, बाकीचे आम्ही चाळकरी. देवी त्यांची असली तरी नवस आमचेही होते.

गिरणीचं ते मागचं दार वर्षभर बंद असायचं आणि त्या एका दिवशी उघडायचं. मी लहानपणी आईचा हात धरून पालखीमागून आत गेलेलो आहे. वडील पाळीवर होते. साचे थांबलेले नव्हते, नुसता दणदणाट. वडील खात्याच्या दारापर्यंत आले, केसांत कापसाची पिंज अडकलेली, हात जोडून उभे राहिले आणि पालखी पुढे गेल्यावर परत आत गेले. थोडा उशीर झाला म्हणून माणसाचा खाडा मांडणारा तो मालक, पण हे दार त्यानेही कधी अडवलं नाही. गिरणी बंद पडली, यंत्रं भंगारात गेली, तरी राखणदार त्या दिवशी कुलूप काढून बाजूला उभा राहायचा.

मी शाळेत नुकताच लागलो होतो तेव्हा पहिल्यांदा मला खांदा मिळाला. छाती फुगवून निघालो. पालखी आमच्या चाळींच्या मैदानात आली. मैदान रिकामं, समोर सरळ वाट दिसत होती, मी सरळ निघालो. मागून बाई ओरडल्या, “सावंत! बुडाल!”

सगळी पालखी जागच्या जागी थांबली. लोक पोट धरून हसले, पण हसत हसत सगळ्यांनी उजवीकडे वळण घेतलं, कडेकडेने अर्धं मैदान फिरले आणि मग पलीकडे गेले. वर्षानुवर्षं पालखी तशीच जायची. आटून गेलेल्या तळ्याच्या काठाने. मी त्याच मैदानात क्रिकेट खेळत वाढलो होतो आणि मला हे ठाऊक नव्हतं. माझ्या वडिलांना ठाऊक होतं. ते नुसतेच सगळ्यांबरोबर वळायचे, बोलायचे नाहीत.

मग आमच्या चाळी आणि बंद गिरणीची जमीन मिळून एका बिल्डरने टॉवरचा बेत आणला. चाळकऱ्यांना त्यात घरं मिळणार होती. गावठाणातली पाच घरं प्लॉटच्या बाहेर राहात होती, त्यांना काही मिळणार नव्हतं आणि त्यांचं काही जाणारही नव्हतं, असं कागदावर दिसत होतं. जात होती ती वाट. पालखीची सगळी मधली वाट टॉवरच्या आवारात येत होती. बिल्डरला देवीच्या उत्सव मंडळाकडून एक कागद हवा होता. आतल्या वाटेवरचा हक्क आम्ही सोडला, बदल्यात रस्त्याच्या कोपऱ्यावर संगमरवरी देऊळ मिळावं. कमिटीत सात जण. चिटणीस मी. अक्षर चांगलं म्हणून मला केलेलं.

बाई तेव्हा निवृत्त झाल्या होत्या. त्यांनी चार कार्डशीट चिकटवून नकाशा काढला. वडिलांनी तोंडी सांगितलेले बांध, तळं, खाचरांची नावं, आणि लाल पेन्सिलने पालखीची वाट. तो घेऊन त्या सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवत राहिल्या. एका कारकुनाने सांगितलं, “या वाटेची नोंद नाही, मॅडम.” बाई म्हणाल्या, “माणसं चालतायत की दरवर्षी.” तो म्हणाला, “चालल्याची नोंद नसते.”

त्यांचा एक जुना विद्यार्थी वकील झाला होता. त्याने त्यांना जे सांगितलं ते त्यांनी वहीत लिहून घेतलं आणि कमिटीला वाचून दाखवलं. वहिवाट म्हणजे कुणाला न विचारता चालणं. अडवलं तरी जाऊन उभं राहायचं. ज्या दिवशी परवानगी मागून आत गेलात, त्या दिवशी ती वाट तुमची राहिली नाही, परवानगी देणाऱ्याची झाली.

“म्हणून आपण मागायचं नाही,” बाई म्हणाल्या. “आपण सांगायचं. दार ठेवा म्हणून सांगायचं.”

बैठक मैदानातच झाली. बिल्डरचा माणूस तरुण होता, गोड बोलणारा, लॅपटॉप घेऊन आलेला. “मॅडम, तुमच्या सेंटिमेंट्सचा आम्हाला फुल रिस्पेक्ट आहे. पण प्रॅक्टिकली बघा ना, इथे आधी होतं काय?”

सगळ्या चाळीने बाईंकडे बघितलं. आम्हाला वाटलं, आता चष्मा निघणार. निघाला नाही. बाई अगदी सरळ आवाजात म्हणाल्या, “मला देऊळ नको. घर नको. वर्षातून एक दिवस, एक दार.”

“पोडियम आहे मॅडम तिथे. गाड्यांचा रॅम्प आहे. सिक्युरिटीचा इश्यू येतो. त्यापेक्षा पालखी मेन रोडने फिरवा ना. डीजे लावता येईल. पब्लिक पण जास्त येईल.”

बाई माझ्याकडे वळल्या. “सावंत, तुम्ही चिटणीस. तुमचे वडील त्या दारात हात जोडून उभे राहायचे. तुम्ही बोला.”

माझी आई तेव्हा ऐंशीच्या घरात होती. गुडघे गेलेले, आणि संडास मजल्याच्या टोकाला, सात घरांत मिळून एक. हे मी कारण म्हणून सांगत नाही, होतं तसं सांगतो. मी उभा राहिलो आणि म्हणालो, “बाई, काळाप्रमाणे थोडं बदलायला लागतं.”

हे वाक्य मी आयुष्यभर मुलांच्या निबंधांतून लाल शाईने खोडत आलो होतो. त्याला काही अर्थ नसतो. लिहायला काही सुचलं नाही की मुलं ते लिहितात. आणि मला तर सुचत होतं. मला लख्ख कळत होतं की बिल्डरला सात सह्या हव्या आहेत आणि आम्ही अडून बसलो तर एक दार ही त्याला जड गोष्ट नाही. पण अडून बसायला आठ दिवस लागले असते, कदाचित महिना, आणि आम्हाला घराच्या किल्ल्या दिसत होत्या. भित्री माणसं आम्ही. बापांनी वर्षावर्षाचे संप काढले, आमच्याने आठ दिवस निघेनात. सातही सह्या त्याच संध्याकाळी झाल्या. चौथी माझी, वळणदार.

बाई नकाशा गुंडाळत होत्या. रबरबँड तुटला तेव्हा केसातली पिन काढून त्यांनी ती नकाशाला लावली. जाताना माझ्याजवळ थांबल्या. “पीक उभं आहे, दिसत होतं ना सावंत तुम्हाला?”



टॉवर झाला. संगमरवरी देऊळही झालं, आत एसी आहे. पालखी आता मेन रोडने जाते, पुढे डीजेचा टेम्पो, मागे नाचणारी पोरं, आणि खांद्यावर देवी कुठल्याशा गाण्यावर हिंदकळत असते. ती आता कुणाचीच शीव फिरत नाही. ट्रॅफिक पोलीस सांगतील तिथून वळते. मंडळाच्या बॅनरवर आम्हा सातही जणांचे फोटो असतात, हात जोडलेले.

बाई त्या पालखीबरोबर कधी गेल्या नाहीत. चैत्रात त्या दिवशी सकाळी ताटात नारळ आणि दहीभात घेऊन त्या एकट्या निघायच्या. जेवढी जुनी वाट उरली होती तेवढी चालायच्या. टॉवरचं मागचं गेट नेमकं गिरणीच्या मागच्या दाराच्या जागी आलं आहे. तिथे येऊन उभ्या राहायच्या. सिक्युरिटीवाला अडवायचा. मग त्या गेटच्या पायाशी भात ठेवून माघारी जायच्या. कुणी तरी त्यांना म्हणालं, बाई, दरवर्षी अडवतात तर जाता कशाला? त्या म्हणाल्या, “अडवू देत की. म्हात्रे आलेच नाहीत असं कुणाला म्हणता यायला नको.”

मी हे सगळं चौदाव्या मजल्यावरून बघायचो. पाच वर्षं बघितलं. खाली उतरलो नाही. एका वर्षी सोसायटीच्या ग्रुपवर कुणी फोटो टाकला, ‘बॅक गेटवर कुणीतरी राइस ठेवून जातंय, ब्लॅक मॅजिक आहे का? सीसीटीव्ही चेक करा.’ खाली अठ्ठावीस जणांनी मतं दिली, कबुतरांपासून करणीपर्यंत. त्या ग्रुपमध्ये निम्मे जुने चाळकरी आहेत. ज्यांनी त्या पालखीला वाट द्यायला खाटा उभ्या केल्या, त्यांची मुलं. एकानेही खरं काय ते लिहिलं नाही. मीही नाही. मी टाइप केलं आणि पुसलं.

गेल्या चैत्रात त्यांना बघितलं ते शेवटचं. फार वाळल्या होत्या. पिठाच्या गिरणीपासून गेटपर्यंत यायला त्यांना इतका वेळ लागला की मला वर उभं राहवेना. लिफ्टने खाली आलो. गेटवरचा मुलगा नवा होता, त्याला त्या ठाऊक नव्हत्या.

“माताजी, किसके यहाँ जाना है?” तो विचारत होता.

“किसी के यहाँ नहीं. इधर से अंदर जाके उधर से बाहर निकलना है.”

“बाहर जाना है तो आप बाहर ही तो हो.”

त्याची काही चूक नव्हती. मी पुढे झालो. “जाने दो इनको. मेरी गेस्ट हैं.”

“हाँ सर,” म्हणत त्याने लगेच रजिस्टर पुढे ओढलं आणि लिहायला लागला. मला फार बरं वाटलं. खोटं कशाला बोलू, सहा वर्षांत पहिल्यांदा बरं वाटलं. म्हटलं, “बाई, या. मी आहे बरोबर. हळूहळू पुढच्या गेटपर्यंत जाऊ. कुणी काही बोलणार नाही.”

बाई माझ्याकडे बघत होत्या. ताट त्यांनी दोन्ही हातांनी धरलं होतं. मी ते धरायला हात पुढे केला तर त्यांनी ते मागे घेतलं.

“काय लिहितोय तो?”

“काही नाही, नुसती एंट्री. तुमचं नाव सांगितलं मी त्याला, आणि माझा फ्लॅट नंबर. फॉर्मॅलिटी असते.”

“म्हणजे मी तुमच्याकडे आले.”

“कागदावर फक्त, बाई.”

त्यांनी चष्मा काढला. तो पदराला पुसून पुन्हा डोळ्यांवर चढवायला त्यांना वेळ लागला. “सावंत, माझ्याकडे या जागेचा एकही कागद नाही. आज हा एक होईल. त्यात असेल की सुलोचना म्हात्रे इथे आली, तुमची पाहुणी म्हणून, तुमच्या परवानगीनं. पणजोबांपासून एवढं सगळं झालं, पण हे अजून कुणी लिहून घेतलं नव्हतं आमच्याकडून.”

“बाई, मी तर...”

“चांगल्या मनानं करताय. ठाऊक आहे मला. सही पण चांगल्या मनानंच केलीत.”

त्या कष्टाने वाकल्या. गेटच्या पायाशी भात ठेवला, नारळ ठेवला. उठताना मी हात दिला नाही, द्यायची हिंमत झाली नाही. गजाला धरून त्या स्वतःच उठल्या आणि आल्या वाटेने, एका पायापुढे एक पाय टाकत, माघारी चालू लागल्या. पिठाच्या गिरणीपाशी गल्ली वळते तिथे दिसेनाशा झाल्या.

तो मुलगा पेन हातात धरून माझ्याकडे बघत होता.

“सर, नाम तो लिख दिया है. काट दूँ?”

“काट दो,” मी म्हणालो.